आतल्या बाजूचं तोंड

थुकू नको बे निकेश! ऊठ. बांधाच्या पलीकडं जाऊन थूक, चांगली चूळ भर, मंगच शेकोटीपाशी बस. तंबाखू-सुपारीचा खर्रा खा, मी नाई म्हणत नाई, तोंड तुहं आहे. पण माह्या कानापाशी पच्‌दिशी पिचकारी मारू नको. तो आवाज ऐकला का जेवलेलं वर येते माहं. काऊन येते ते आज सांगतो. नाईतरी रात्र काढाचीच आहे. कापलेल्या धानाचे पुंजणे, हे ढीग, सोडून घरी गेलो तं रानडुकरं सकाळपर्यंत सारं तुडवून ठेवतीन.

ही ऐकीव गोष्ट नाई बापा. माह्या सख्ख्या साळ्यावर गुजरली, अन् त्यानं सोता, माह्या पायावर हात ठेवून सांगतली. हरिदास त्याचं नाव. गाव सिंदेवाहीपासून नऊ-दहा किलोमीटर, जंगलाच्या कडेले. गावाचं नाव नाई घेत, तिथल्या पोरींचे लग्न व्हाचे आहेत.

तं हरिदास त्या गावच्या वन समितीचा सचिव. मार्च संपत आला का मोहफुलं पडतात, तुम्हाले काय सांगू. पडतात पहाटे, अन् वेचाले जा लागते पहाटे. बाया अंधारात टोपलं घेऊन झाडाखाली वाकतात. अन् वाकलेला माणूस वाघाले माणूस वाटत नाई, चार पायाचं जनावर वाटते. झडप घालते तो मांगून. म्हणून मुखवटे आले होते, डोक्याच्या मांगं बांधाचे. पातळ प्लास्टिकचं तोंड, बटाट्याएवढे डोळे, काळ्या मिशा. वाघ मांगून आला तं त्याले वाटावं, हा तं माह्याकडंच पाहून राह्यला. मागच्या साली दहा आले होते. औंदा चाळीस आले, वेचणारेबी चाळीसच.

वाटप शाळेत झालं. तिथं प्रफुल मेश्राम गुरुजी आहेत, विज्ञान शिकवतात, लय हुशार माणूस. त्यायनं एक मुखवटा फळ्याच्या खिळ्याले उलटा टांगला, आतली खोलगट बाजू लोकांकडं. म्हणाले, "काय दिसते?"

"तोंड."

"आत गेलेलं का बाहेर आलेलं?"

"बाहेर आलेलं!" सारे एका सुरात.

"आता इकडून तिकडं चाला."

लोक चालले. पाहतात तं काय, ते तोंड त्यायच्या संगं वळून राह्यलं! इकडं गेले का इकडं, तिकडं गेले का तिकडं. बाया किंचाळल्या, पोट्टे खिदळले. गुरुजी हासले. म्हणाले, "भेऊ नका. डोळा फक्त उजेड आत घेते. चित्र बनवते तो मेंदू. जन्मल्यापासून त्यानं जेवढी तोंडं पाह्यली, साऱ्यायचं नाक बाहेर. आत गेलेलं नाक त्यानं कधी पाह्यलंच नाई. मंग तो डोळ्याले म्हणते, तू गप रे, मले माहीत आहे. वाघालेबी असंच फसवाचं आहे आपल्याले. अन् तुमचा भरम मोडाचा असन तं जवळ या, हात घाला."

एकेकानं हात घातला. हात खोलात गेला. भरम मोडला. हरिदासनंबी घातला. हे ध्यानात ठेवा.

आता दोन हजार पंचवीस साल, मार्चची एकोणतीस तारीख, शनवार. अमोशा. दुसऱ्या दिवशी गुढीपाडवा. साडेसात वाजता हरिदासच्या दारात बुधरीबाई आली. वारलूची बायको. वारलू म्हणजे ज्याले त्याच्या आधीच्या साली एप्रिलमधी वाघानं नेलं, सोताच्या मोहाच्या झाडाखाली. मुखवटा होता त्याच्यापाशी. उकडून राह्यलं म्हणून घडीभर काढला अन् फांदीले टांगला. तेवढी घडी पुरली.

वारलू माणूस सोन्यासारखा, पण खर्रा! सकाळी डोळे उघडाच्या आधी तोंडात खर्रा. घरी येत असन तं आधी पच् आवाज येचा अन् मंग वारलू येचा. अन् जेवाच्या वक्ती चघळलेला गोळा फेकाचा नाई, दाराच्या चौकटीले अंगठ्यानं दाबून चिकटवाचा. जेवण झालं का तोच काढून पुन्हा तोंडात. शीऽऽ! कुऱ्हाडीनं त्याचा अंगठा मधोमध चिरला होता, तं गोळ्यावर त्या चिरेचा ठसा उठाचा. बुधरीबाई वीस वर्षं त्याच्याशी त्याच्यावरूनच भांडली.

तं ती दारात उभी. म्हणाली, "हरिदासभाऊ, माहा मुखवटा राह्यला. पहाटे तीन झाडाखालची फुलं वेचाची आहेत. पोरगी चंद्रपुरात नर्सिंग शिकून राह्यली, तिले मी एकटीच. माह्या मांगं पाहाले घरचं माणूस नाई आता. मुखवटा तरी द्या."

हरिदास म्हणाला, "आहे ना, आहे. समितीच्या खोलीत आहे. पहाटे साडेतीनले माह्या घरी येऊन घेऊन जाय."

नव्हता. चाळीसावा मुखवटा कुठी होता? हरिदासच्या नव्या ट्रॅक्टरच्या मांगं! काळ्या बाहुलीच्या जागी, नजर लागू नये म्हणून तारेनं आवळून बांधला होता. पाहा म्हणजे. कुंपणानंच शेत खाल्लं. पक्कड घेऊन तार तोडली असती तं पाच मिनिटाचं काम. पण बायको नूतन विचारीन, साळे हासतीन, समितीत बोभाटा होईन. माणूस लाजेपायी जेवढी घाण करते ना, तेवढी भुकेपायी नाई करत.

साडेआठले तो टॉर्च घेऊन समितीच्या खोलीवर गेला. काम साधं होतं. कोपऱ्यात पोतं होतं, पोत्यात जुन्या दोऱ्या, फाटकं जाळं, अन् तळाशी वारलूचा मुखवटा. मयतीच्या दिवशी हरिदासनंच तो फांदीवरून काढून तिथं कोंबला होता. जाळला नाई, पुरला नाई, बुधरीबाईले दिला नाई.

बाहेर काढला तं वास आला. खवट तेलाचा, घामाचा, उंदराच्या मुताचा. आतल्या बाजूनं पिवळट थर. वारलूच्या डोक्याचं खोबरेल, मानेचा मळ, वर्षभर पोत्यात कुजून लोण्यासारखा झालेला. त्यात केस रुतलेले. कपाळाच्या खोलात झुरळाची अंडी. हरिदासनं नाक धरून बोरिंगवर नेला, निरमा टाकून घासला, राखेनं घासला. गढूळ, तवंगाचं पाणी गेलं. नखात काळं भरलं ते निघता निघेना. मंग पोळ्याचा उरलेला रंग काढला, बैलाच्या शिंगाचा, अन् मिशा लाल केल्या, भिवया लाल केल्या. बुधरीबाईनं ओळखू नये म्हणून.

मेलेल्या माणसाची वस्तू धुऊन, रंगवून त्याच्याच बायकोच्या डोक्याले बांधाले निघाला हा! माह्या बायकोचा भाऊ आहे म्हणून काय झालं, किळस येते मले त्याची. तोंडावर सांगतलं आहे मी त्याले.

घरी येऊन त्यानं मुखवटा छपरीतल्या खिळ्याले टांगला. सुकावा म्हणून आतली बाजू बाहेर. छपरीतच खाट टाकली. झिरोचा बल्ब चालू होता. नूतन आत झोपली. कुत्रं त्या रात्री घरात घुसून चुलीपाशी बसलं, तेवढं मात्र झालं.

साडेबारा-पाऊणले हरिदासले जाग आली. लघवीले उठला. अन् पाह्यलं तं भिंतीवर तोंड.

बाहेर आलेलं. नाक, गाल, हनुवटी, सारं बाहेर. त्याच्याकडं पाहून राह्यलेलं.

दोन पावलं मांगं सरला. मंग आठवलं. गुरुजी! हासला बिचारा सोताशीच. म्हणाला, मेंदूचा खेळ होय. डावीकडं दोन पावलं गेला. तोंड डावीकडं वळलं. उजवीकडं गेला. उजवीकडं वळलं. बरोबर, जसं शाळेत, तसंच.

मंग तो थांबला.

तोंड थांबलं नाई.

हळूहळू वळत राह्यलं... त्याच्यावरून सरकलं... अंगणाकडं गेलं... बुधरीबाईच्या घराच्या बाजूले जाऊन थांबलं. अन् पुन्हा सावकाश वळून त्याच्यावर आलं.

हरिदास मले म्हणते, भाटवे, मी तवाबी भेलो नाई. म्हटलं डोळ्यात झोप आहे. एक डोळा मिटला. तसंच. दुसरा मिटला. तसंच. कान मात्र काही वेगळं सांगून राह्यले होते. बारीक आवाज येत होता. चळप... चळप... गाय रवंथ करते तसा. ट्रॅक्टर आल्यापासून त्याच्याघरी ना गाय, ना बैल.

भरम मोडाचा असन तं हात घाला, गुरुजीनं सांगतलं होतं.

जवळ गेला. एका हाताच्या अंतरावर. तोंड बाहेरच.

हात उचलला. तोंडाच्या जागी बोटं नेली. बोटं खोलात जाले पाहिजे होती.

गेली नाई.

ओठाले लागली.

ओले. मऊ. कोमट... ओठ उघडले. बोटं आत. हिरडी लागली, गिळगिळीत. एका गालात काहीतरी गोळा होता. तो सरकला. बोटायवरून घासत, या गालातून त्या गालात गेला. मंग जीभ...

...

याच्या पुढं हरिदास सांगत नाई. तिथं आला का उजवा हात धोतराले पुसत राह्यते.

हात ओढला त्यानं. टॉर्च मारला. भिंतीवर मुखवटा. खोलगट, रिकामा, जसा शाळेत होता तसा. फक्त तोंडाच्या जागी आतून ओलं होतं, अन् हनुवटीवरून एक तपकिरी ओघळ सावकाश खाली येत होता. थेंब जमिनीवर पडला. बोटं नाकाशी नेली तं तंबाखू, चुना, सुपारी. कोपरापर्यंत लाळेची तार. हरिदासच्या सात पिढ्यांत कोणी खर्रा खाल्ला नाई. तो अंगणात पळाला अन् संध्याकाळचं सारं ओकला. भात, वरण, पित्त. रिकामं झालं तरी उबळ थांबेना.

आता तुम्ही म्हणान, डोमाभाऊ, वारलूची जुनी थुंकी असन, ओलाव्यानं सुटली असन. अरे, डोकं चालवा थोडं! मुखवटा मांगं बांधतात. वारलूचं तोंड त्या खोलात कधी गेलंच नव्हतं. त्याच्या डोक्याची मांगची बाजू तेवढी गेली होती. मंग तोंड कोणाचं, अन् थुंकी कोणाची?

असं झाल्यावर माणसानं काय करावं? मुखवटा चुलीत घालावा. ट्रॅक्टरची तार तोडावी. त्या बाईच्या घरी जाऊन सांगावं, बाई, माही चूक झाली, उद्या जाऊ नको. हरिदासनं काय केलं माहीत आहे? पोत्याचा तुकडा घेतला. काठीनं धरून तोंड आतून पुसलं. दूर ठेवला अन् जागत बसला. मनात एकच, हे माह्या घरातून जाऊ दे. कोणाच्याबी घरी जाऊ दे.

साडेतीनले बुधरीबाई आली. त्यानं दोन बोटाच्या चिमटीत धरून दिला. तिनं मुखवट्याच्या बांधाच्या नाडीवरून हात फिरवला. घडीभर थांबली. डोक्याच्या मांगं बांधला, टोपलं उचललं, अन् चालली.

अन् यानं जाऊ दिलं. थू तुह्या जिनगानीवर!

...पाहा, मीच थुकलो. हासू नका बे.

ती अंधारात चालली, पाठमोरी. तं मुखवट्याचं तोंड कोणाकडं? हरिदासकडं. लाल मिशा, लाल भिवया. रस्त्याचा शेवटचा दिवा आला. त्या उजेडात हरिदासले दिसलं. जबडा हालत होता. सावकाश... चळप... चळप... अन् अंधारातून आवाज आला.

पच्.

मंग काही दिसलं नाई.

तो दारात बसून राह्यला. साडेपाच. सहा. जंगलाकडून चितळ ओरडलं. वाघ दिसला का ओरडते तसं. एकदा. दोनदा. मंग सारं चूप. उठून पळाले पाहिजे होतं. चौकट धरून तिथंच राह्यला. त्या पोरीचा चेहरा डोळ्यापुढं येत होता, चंद्रपूरच्या बसमधी बसताना मायले हात हालवणारी खुशबू. बापाले खांदा द्याले आली होती तवा यानंच तिले पाणी पाजलं होतं.

घरोघरी गुढ्या उभ्या राह्यल्या. सात वाजता बाया आल्या, टोपली भरून. एकोणचाळीस मोजल्या त्यानं. बुधरीबाई नव्हती. कोणी म्हणाली, ती आतल्या झाडाकडं गेली होती. आठ. साडेआठ. नूतननं पुरणपोळी वाढली. त्यानं घास तोंडाशी नेला, बोटायचा वास आला, ताट सरकवून दिलं.

नऊले बुधरीबाई आली. जिती. टोपलं भरलेलं. पण तोंडावरचं रगत आटलं होतं. अंगणात टोपलं ठेवलं, मुखवटा सोडला, हातात धरला.

हरिदास म्हणाला, "आली बापा! बरी आहे ना?"

ती म्हणाली, "वाकली होती, हरिदासभाऊ. टोपलं अर्धं झालं होतं. मांगून पच् आवाज आला, अन् मानेवर थुंकी पडली. वीस वर्षं ज्याच्यावर चिडली तोच आवाज. भान राह्यलं नाई. सरळ झाली, गर्रकन फिरली, ओरडली, पुन्हा थुकला काय रे मेल्या! ... समोर वाघ होता. पंधरा पावलं. बसलेला, झेप घ्याले."

हरिदासनं तिच्या हातातल्या मुखवट्याकडं पाह्यलं.

"त्यानं माह्याकडं पाह्यलं. मी त्याच्याकडं. मंग तो माह्याकडं पाहेनासा झाला, माह्या मांगं पाहाले लागला. माह्या डोक्याच्या मांगं. कान पाडले. अन् उलट्या पावलानं गेला, हरिदासभाऊ. कुत्र्यासारखा."

हरिदास चाचरत म्हणाला, "मुखवट्याचं काम होय ते. नवाच आहे..."

"नवा?" बुधरीबाईनं नाडी त्याच्या डोळ्यापुढं धरली. हिरवी, लुगड्याच्या काठाची. "ही माह्या हातची शिवण आहे. अंधारात हाताले लागली तवाच समजलं मले."

"मंग... मंग काऊन बांधला?"

"सांगतलं होतं ना तुम्हाले. माह्या मांगं पाहाले घरचं माणूस पाहिजे होतं."

मंग ती वळली. पाठ त्याच्याकडं केली, अंबाडा वर उचलला. मानेवर, केसांच्या मुळात, तपकिरी थुंकी वाहत होती. ताजी. पाठीवरून पोलक्यात उतरलेली. सुपारीचे कण केसात अडकले होते. तिनं पदरानं पुसली नाई. म्हणाली, "मेला तरी सवय नाई गेली पाहा त्याची." अन् रडली. उभी राहून, पाठमोरीच, लय रडली.

जाताना मुखवटा तिनं छातीशी धरला. म्हणाली, "हा माह्या घरी राहीन. ट्रॅक्टरवरचा तुम्हाले राहू द्या."

तिले सारं माहीत होतं. गावालेच माहीत होतं. लपलं होतं ते फक्त हरिदासच्या मनात.

दुपारी तो पक्कड घेऊन ट्रॅक्टरपाशी गेला. लाज वाटली असन. तार तोडली, मुखवटा काढला. कोरा करकरीत. कोणी कधी बांधला नव्हता, खोक्यातून निघून थेट ट्रॅक्टरले लागला होता. उलटा करून पाह्यला.

आत, तोंडाच्या जागी, चघळलेल्या खर्ऱ्याचा गोळा चिकटवलेला. अंगठ्यानं दाबून. अंगठ्याच्या ठशात मधोमध चीर.

त्यानं तो मुखवटा फेकला नाई. फेकाची हिंमत झाली नाई. छपरीतच त्याच खिळ्याले आहे. दिवाळीले भाऊबीजेपायी बायकोले घेऊन गेलो तवा सोता पाह्यला मी. सात महिने झाले होते, अन् गोळा ओला होता. बोट लावून पाह्यलं काय विचारतो बे निकेश? नाई बापा. वासावरून सांगतो.